हिरडेमाळच्या धावपट्टीवरची शेळी

१

"ह्ये आपोआप झालेलं न्हाई, साहेब. कुणीतरी बुजवलंय," गेणू मेकॅनिक म्हणाला आणि हातातली बॅटरी त्यानं विमानाच्या पत्र्यावर रोखली.

मी वाकून पाहिलं. विमानाच्या डाव्या अंगाला, दाराच्या थोडं पुढे, टाचणी जाईल एवढं एक भोक असतं. त्याभोवती रुपयाएवढा लाल गोल रंगवलेला असतो आणि खाली इंग्रजीत बारीक अक्षरांत लिहिलेलं असतं, की ही जागा स्वच्छ ठेवा. या भोकातून विमानाला बाहेरच्या हवेचा दाब कळतो आणि त्यावर आतला उंचीचा काटा फिरतो. त्या भोकात आता काळं, मेणचट काहीतरी गच्च बसलं होतं.

नुकतीच या विमानातून स्नेहा साळवे उतरली होती. परीक्षेआधीची एक सरावाची फेरी मारायला ती एकटी वर गेली होती. जमीन सोडल्यावर तिच्या ध्यानात आलं, की विमान वर चाललंय पण काटा जमिनीवरच बसून आहे. दुसरं कुणी असतं तर गांगरलं असतं. हिनं आतली राखीव हवेची कळ ओढली, काटा जागा केला आणि विमान असं अलगद उतरवलं, की तिच्या कौतुकासाठी घातलेल्या मांडवातल्या लोकांना काही बिघडलंय हेसुद्धा कळलं नाही. त्यांनी टाळ्या वाजवल्या.

टाळ्या वाजवल्या नाहीत त्या फक्त कॅप्टन पटवर्धनांनी. ते आमचे मुख्य प्रशिक्षक. त्यांनी भोक पाहिलं, मग स्नेहाकडे पाहिलं.

"उड्डाणाआधी विमानाभोवती फिरून तपासणी केली होतीस?"

"केली होती, सर. भोक साफ होतं."

"साफ होतं तर हे काय आहे? तू न बघता विमान उचललंस. जी वैमानिक तपासणीत खोटं बोलते तिला मी परीक्षेला बसवत नाही. परीक्षक दुपारी येऊन संध्याकाळी पुण्याला परत जातील. त्यांना मी तसं सांगतो."

स्नेहा रडली नाही. "सर, परीक्षा पुढच्या वर्षी देईन," ती म्हणाली. "पण मी खोटं बोलले नाही."

आता माझी ओळख देतो, कारण पुढचं सगळं मीच सांगणार आहे. मी रामदास हिंगे, हिरडेमाळ नगरपंचायतीच्या धावपट्टीचा व्यवस्थापक. होय, नगरपंचायतीच्या! इतर गावांत विमानतळ सरकारचा असतो. आमच्याकडे नळाचं पाणी, रस्त्यावरचे दिवे आणि धावपट्टी हे तिन्ही एकाच इमारतीतून चालतं. कळंबवरून शिनोलीकडे जाताना उजव्या हाताला माळावर जी वाऱ्याची दिशा दाखवणारी केशरी पिशवी फडकताना दिसते, ती आमची. कुणी या धावपट्टीला 'बैलगाडा शर्यतीचा लांबडा घाट' म्हणून हसलं, तर त्याला मी चहा विचारत नाही. आणि या धावपट्टीवर शिकून तयार झालेली पहिली वैमानिक म्हणजे स्नेहा, एसटीतले कंडक्टर खंडू साळवे यांची मुलगी. ती आज परीक्षेला बसली नसती, तर माझी मान कायमची खाली गेली असती.

तेवढ्यात मागे शेंगेचं टरफल फुटल्याचा आवाज आला.

"कॅप्टनसाहेब," कुणीतरी म्हणालं, "मला दुपारपुरता वेळ द्याल का?"

२

त्या इंद्रायणीबाई डुंबरे होत्या. मूळच्या ओतूरकडच्या, निवृत्त फौजदार. आजच्या समारंभाच्या पाहुण्या म्हणून मीच त्यांना बोलावलं होतं. त्यांच्या पर्समध्ये भाजलेल्या शेंगांची पुडी कायम असते. ज्याला प्रश्न विचारायचा त्याच्या हातात आधी मूठभर शेंगा ठेवतात. हात गुंतले की माणसाचं तोंड मोकळं होतं, असं त्यांचं म्हणणं.

"मुलगी खरं बोलतेय असं धरून चालू," त्या म्हणाल्या. "म्हणजे तपासणी झाल्यावर आणि ती विमानात बसायच्या आधी कुणीतरी भोक बुजवलं. त्या मधल्या वेळात ती कुठे होती?"

"मांडवात," मी म्हणालो. "सुवासिनींनी तिचं औक्षण केलं, तुम्हीच तिला फेटा बांधला."

"आणि विमान?"

"विमान एकटंच उभं होतं. पण त्याच्याजवळ जायची कुणाची छाती नव्हती. कॅप्टनसाहेबांनी बजावलं होतं, विमानाला हळद नको, कुंकू नको, हार नको आणि चाकाखाली लिंबू तर मुळीच नको. मी स्वतः दोन बायांच्या हातातून नारळ काढून घेतले. लोक नाराज झाले, पण मी कुणाला पुढे सोडलं नाही."

"कुणालाच नाही?"

इथे मला थोडं आठवावं लागलं. गेणू काच पुसायला गेला होता. रुपेश बाणखेले, आमचाच दुसरा विद्यार्थी, विमानासोबत फोटो काढायला गेला होता. आणि तिसरी ती द्रौपदाबाई. तिची शेळी कुंपणाच्या फटीतून आत शिरली आणि थेट विमानाखाली जाऊन उभी राहिली. म्हातारी तिच्यामागं धावत आली, तेव्हा सगळा मांडव हसला होता.

"ही द्रौपदाबाई कोण?"

मी कपाळाला हात लावला. द्रौपदाबाई म्हणजे या धावपट्टीची जन्माची वैरीण. हा माळ पूर्वी गावाच्या गुरांचा. तिच्या शेळ्या इथंच चरायच्या. मोजणीच्या दिवशी ती मोजणीच्या साखळीवर जाऊन बसली होती आणि भर गावसभेत तिनं शपथ घेतली होती, की मी या टोळाला कधी हात लावणार न्हाई आन वर तोंड करून त्याच्याकडं बघणार बी न्हाई. विमानाला ती टोळ म्हणते. आजवर डोक्यावरून विमान गेलं, की ती पदर ओढून खाली बघत राहते. आज सकाळी फाटकापाशी तिनं स्नेहाला अडवलं होतं, हेही मी लांबून पाहिलं होतं. दोन्ही हातांनी तिचं तोंड धरलं होतं आणि काहीतरी पुटपुटत होती.

इंद्रायणीबाईंनी स्नेहाला बोलावलं. तिनं फेटा काढून हातात घेतला होता.

"सकाळी द्रौपदाबाई काय म्हणाली तुला?"

"नेहमीचंच. नीट जा, जेवलीस का. त्या वाईट नाहीत, मॅडम. आमच्या शेजारीच राहतात. मी लहान असताना त्यांच्या शेळीचं दूध पिऊन वाढले."

"वैऱ्याच्या गोटात मैत्रीण आहे म्हण की तुझी." बाई हसल्या आणि मग एकदम म्हणाल्या, "तुझ्या कानामागं काय लागलंय गं?"

स्नेहानं बोट फिरवून पाहिलं. बोटाला काळं लागलं. "काल इंजिन उघडलं होतं. ग्रीस असेल," ती म्हणाली आणि रुमालानं पुसून टाकलं.

ग्रीस म्हटल्याबरोबर मी गेणूकडे बघितलं. गेणू दुसरीकडे बघत होता.

३

गेणूनं शेंगा घेतल्या पण फोडल्या नाहीत. त्याचे हात कोपरापर्यंत काळे होते. काल सगळ्यांदेखत कॅप्टननी त्याला झापलं होतं, हे मला माहीत होतं, आणि मला माहीत आहे हे त्याला माहीत होतं.

"ताई, मी पुढली काच पुसली, बास. त्या पोरीच्या जिवाशी मी खेळीन व्हय? ती वर गेली की माझा जीव ती खाली येस्तवर टांगलेला असतो. बोल्ट मीच आवळलेले असत्यात ना."

बाईंनी त्याला काही विचारलंच नाही. भोकातून गेणूनं चिमट्यानं काढलेला तो काळा कण त्यांनी कागदावर घेतला होता. तो त्यांनी अंगठ्यानं चोळला, हुंगला आणि कागद माझ्या नाकाखाली धरला.

"कसला वास येतो?"

मला आधी काही कळेना. मग लहानपणी आईनं नाक दाबून पाजलेलं आठवलं. "एरंडेल?"

"इंजिनात एरंडेल घालता का हो गेणूभाऊ?"

"न्हाई बा! एरंडेल कशाला?"

"मग हे ग्रीस तुमचं नाही. जा, चहा घ्या."

गेणू सुटला. मी मात्र जास्तच गोंधळलो. विमानात एरंडेल घालायला इथं कुणाचं पोट बिघडलं होतं!

रुपेश आला तो ताठ मानेनंच. चकचकीत बूट, तेल लावून बसवलेले केस. स्नेहा मागे पडली असती, तर या धावपट्टीचा पहिला वैमानिक तोच झाला असता. मला त्याच्या केसांच्या तेलाचाच संशय आला आणि मी तसं बोलूनही दाखवलं.

"नारळाचं आहे, काका," तो चिडून म्हणाला. "आणि मी विमानाच्या डाव्या बाजूला गेलोच नाही. डावीकडून ऊन तोंडावर येतं, फोटो काळा येतो. हे बघा."

त्यानं मोबाइल पुढे केला. फोटोत तो विमानाच्या उजव्या पंखाला टेकून उभा होता. मागे कोपऱ्यात, कुंपणाकडे पाठमोरी चाललेली द्रौपदाबाई. डाव्या बगलेत शेळी आणि उजवी मूठ घट्ट आवळलेली.

"मी हाक मारली म्हातारीला," रुपेश म्हणाला. "आजी, शेळीला पण विमानात बसवायचं का, म्हणून. एरवी असं काही बोललं तर ती आपल्या सात पिढ्या काढते. आज एक शब्द नाही. मागे वळूनसुद्धा बघितलं नाही. सरळ चालत राहिली."

"हे मात्र तू मोलाचं सांगितलंस," इंद्रायणीबाई म्हणाल्या. "आणि एक सांग, स्नेहा नापास झाली तर बरं होईल तुझं?"

रुपेशनं शेंग फोडली आणि दाणे तळहातावर घेतले. "ती पास झाली तर मला विचारणारं कुणीतरी असेल, की तू कधी?" तो म्हणाला. "नापास झाली तर घरचे म्हणतील, तिला जमलं नाही, तू कशाला नाद करतोस? मला कुठलं बरं वाटणार आहे?"

त्याच्याविषयी माझ्या मनात जो राग होता तो तिथंच उतरला. उरली एकच, आणि माझे पाय आपोआप कुंपणाकडे वळले.

४

कुंपणाच्या फटीपलीकडे तीन दगड मांडून कुणीतरी जाळ केला होता. राख अजून कोमट होती. मी काडीनं उकरली, तर लाल मिरच्यांचे जळके देठ, तडतडून फुटलेल्या मोहऱ्या आणि खडेमीठ निघालं.

"काहीतरी जाळून पुरावा नष्ट केला बाई तिनं!" मी ओरडलो. "आता आणखी काय पाहिजे? धावपट्टीवर राग आहे. शेळीचं निमित्त करून विमानापाशी आली. हाक मारली तर तोंड लपवून पळाली. इथं येऊन जाळपोळ केली. मी घोडेगावला फोन लावतो, पोलीस गाडी येऊ द्या."

इंद्रायणीबाई राखेकडे बघत होत्या. "शेळीचं निमित्त, हे मात्र तुम्ही बरोबर बोललात," त्या म्हणाल्या. "कुंपणापाशी बघा, हिरवंगार गवत गुडघ्याएवढं आहे. विमानापाशी नुसतं डांबर. शेळी काय डांबर चरायला जाणार आहे? ती गेली नाही, तिला नेलं. म्हातारीला विमानापाशी जायचंच होतं, पण जाताना कुणी बघितलं तर ती शेळीच्या मागं आलीय असं वाटायला हवं होतं."

"तेच म्हणतोय मी!"

"तुम्ही सगळं बरोबर बघताय रामदासभाऊ, फक्त उलटीकडून. तुमच्या घरी लेकराला ताप येतो, तेव्हा तुमच्या आई मीठ-मोहऱ्या मुठीत धरून काय करतात?"

"दृष्ट काढते," मी म्हणालो.

"ते झाल्यावर बोलतात का कुणाशी? मागे वळून बघतात?"

"नाही," मी म्हणालो. "पण बाई, विमानाची दृष्ट? आणि तीसुद्धा द्रौपदाबाईनं? ती तर रोज विमानाच्या नावानं बोटं मोडते. शिवाय मीठ-मोहऱ्यांनी भोक कसं बुजेल?"

"नाही बुजत. म्हणून तर तिच्या घरी जायचंय," बाई म्हणाल्या. "फोन खिशात ठेवा आणि तिथं तुम्ही तोंड उघडू नका."

५

द्रौपदाबाई ओट्यावर लसूणघास निवडत बसली होती. बाजूला ती शेळी बांधलेली होती, अगदी साध्या चेहऱ्याची. मला बघताच म्हातारीच्या कपाळावर आठ्या पडल्या.

"काय रामदास? शेळी आत आली म्हणून दंड लावाया आला का? लाव. आधी माझा माळ घेतला, आता शेळी बी घे."

"नाही आजी, मी वाट चुकून आले," इंद्रायणीबाई तिच्याशेजारी ओट्यावर बसल्या आणि शेंगांची पुडी दोघींच्या मधे ठेवली. "माहेर कुठलं तुमचं?"

"पिंपरी पेंढार. तुमचं?"

"ओतूर."

"मंग एकाच वाटंवरच्या की आपन!" म्हातारीनं शेंग घेतली. तेवढ्यात धावपट्टीवर गेणूनं विमानाचं इंजिन चालू करून बघितलं. द्रौपदाबाईचा हात थांबला. तिनं वर बघितलं नाही, पण मान एका बाजूला कलली.

"ही न्हाई ती," ती पुटपुटली. "ती वळताना आवाज मऊ करती. आज लई लवकर उतरली, काय झालं काय की."

मी काहीतरी बोलणार, तोच बाईंनी माझ्या पायावर पाय दिला.

"आजी, एक मागू का? माझी नात आलीय, गोरीपान. बाजारात मिळतं ते काजळ मला नको. घरी धरलेलं काजळ असेल तुमच्याकडे, तर थोडं द्याल का? तीट लावायला."

"हाय की!" म्हातारी उठली. देवळीतून एक पितळी डबी घेऊन आली. "एरंडेलाच्या दिव्यावर धरलंय, तुपात घोटलंय. असं काजळ तुमाला पुण्यात घावायचं न्हाई. पर गालावर लावू नका. आजकालच्या पोरी पुसून टाकत्यात. कानामागं लावायचं, कुनाला दिसत बी न्हाई."

इंद्रायणीबाईंनी डबी उघडून नाकाशी धरली आणि माझ्याकडे दिली. तोच वास. त्यांचा आवाज एकदम हळू झाला.

"स्नेहाला कानामागं लावलंत. मग विमानाला मात्र गालावर का लावलंत, आजी?"

म्हातारीच्या हातातली शेंग खाली पडली. ती शेळीच्या पाठीवरून हात फिरवू लागली. मग म्हणाली, "तिथं गोल आखून ठेवला व्हता ना! लाल. बराबर डाव्या गालावर. मला वाटलं, तीट लावायची जागाच असंल ती. इमानवाल्यांना बी लेकराची काळजी असंलच की."

मी खिशातला फोन बंद करून टाकला.

"मंग आन काय करू?" तिनं डोळ्यांना पदर लावला. "आख्खा गाव गोळा झाला व्हता. एवढ्या नजरा त्या पोरीवर! खंडूला ह्ये असलं चालत न्हाई. ते बुद्धाला, बाबासाहेबांना मानत्यात, दृष्टबिष्ट मानत न्हाईत. म्हनून तिला बी न सांगता कानामागं लावलं. रामदास तर बायांना नारळ बी लावू दीना. आन मी सभेत शपथ घेतलेली, समद्यांच्या म्होरं कशी जाऊ? म्हनून शेळीला म्होरं केलं. मिरच्या जाळल्या, तर ठसका बी लागला न्हाई वो. एवढी दृष्ट व्हती पोरीला!"

"आजी," इंद्रायणीबाई म्हणाल्या, "त्या लाल गोलात एक बारीक भोक आहे. विमान त्यातून श्वास घेतं. तुमच्या काजळानं ते बंद झालं."

म्हातारी ताडकन उभी राहिली.

"पोरगी?"

"सुखरूप आहे. तिनं वरच्या वर ओळखलं आणि उतरली. पण साहेब म्हणतात, तिनं विमान तपासलंच नाही, ती खोटं बोलते. परीक्षेला बसवत नाहीत तिला."

द्रौपदाबाईनं डोईवरचा पदर खोचला. "खोटं बोलती म्हनत्यात? माझी स्नेहा?" तिनं पायात चपला घातल्या, त्यासुद्धा उलट्या. "चला. कुटं हाय तो सायेब?"

"सगळ्या गावासमोर सांगावं लागेल, आजी," मी म्हणालो. "शपथेचं काय?"

"चुलीत घाल ती शपथ!"

६

मांडवात पंगत आवरत आली होती. परीक्षक गाडीपाशी जाऊन उभे होते. द्रौपदाबाई अख्ख्या गावाच्या मधून चालत गेली, मोजणीच्या दिवशी गेली होती तशीच. कॅप्टन पटवर्धनांसमोर थांबली आणि काजळाची डबी त्यांच्या हातात ठेवली.

"मी लावलं," ती म्हणाली. "तुमच्या टोळाला तीट लावली मी. पोरीनं तपासलं तवा भोक साफच आसंल. मला आडानीला इंग्रजी येत न्हाई. काय शिक्षा असंल ती मला करा. तिला खोटी म्हनू नका."

इंद्रायणीबाईंनी मग एरंडेलाचा वास, रुपेशचा फोटो, शेळी आणि राख, सगळं ओळीनं सांगितलं. कॅप्टननी त्या काळ्या कणाचा आणि डबीचा वास घेऊन पाहिला. मग ते स्नेहापुढे गेले आणि त्यांनी टोपी काढली.

"चूक माझी होती," ते मोठ्यानं, सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले. "तू तपासणी केली होतीस. विमानापाशी पहारा ठेवायला हवा होता, तो मी ठेवला नाही. मला माफ कर, स्नेहा."

परीक्षकांनी गाडीचं दार बंद केलं, पण बाहेरूनच. "काटा अडकल्यावर या मुलीनं काय केलं?" त्यांनी विचारलं. कॅप्टननी सांगितलं. "मग निम्मी परीक्षा तिनं मी यायच्या आधीच दिली म्हणायची," ते म्हणाले. "उरलेली निम्मी आत्ता घेऊ. उजेड आहे तोवर."

गेणूनं भोक स्वच्छ केलं. स्नेहानं सगळ्यांसमोर पुन्हा विमानाभोवती फिरून तपासणी केली आणि त्या लाल गोलापाशी क्षणभर थांबून हसली. रुपेश विमानापुढे हात पसरून पहाऱ्याला उभा राहिला होता. ती शिडीपाशी आली आणि तिथून उलटी फिरून थेट द्रौपदाबाईकडे गेली.

"आजी, सकाळचं मी पुसून टाकलं. मला वाटलं ग्रीस आहे."

म्हातारी मान खाली घालून उभी होती. "चुकलं गं बाय माझं."

"विमानाला परत लावायचं नाही. त्याचं मी बघते," स्नेहा म्हणाली आणि तिच्यापुढे वाकली. "मला लाव."

द्रौपदाबाईनं घाबरून खंडू साळव्यांकडे बघितलं. कंडक्टरच्या गणवेशातच आलेला तो माणूस, चळवळीत वाढलेला, असल्या गोष्टींवर सभांमधून बोलणारा. सगळा गाव त्याच्याकडे बघत होता.

"आम्ही दृष्ट मानत नाही, मावशी," खंडू म्हणाला. "तुम्हाला मानतो. लावा."

म्हातारीनं कॅप्टनच्या हातातली डबी घेतली आणि स्नेहाच्या कानामागं काळं बोट टेकवलं.

मग विमान धावलं आणि उठलं. आमच्या धावपट्टीवरून उठलं, आमच्या गावच्या पैशानं आमच्या माळावर बांधलेल्या! डिंभे धरणाच्या पाण्याकडे वळलं, तेव्हा त्याचा आवाज खरंच मऊ झाला. मी इतकी वर्षं इथं नोकरी करतोय, माझ्या कधी ध्यानात आलं नव्हतं. स्नेहा पास झाली, हे आता सांगायला नकोच. पुढच्याच आठवड्यात नगरपंचायतीनं त्या लाल गोलाखाली ठसठशीत मराठीत लिहून घेतलं: इथं काहीही लावू नये. आणि फाटकापाशी दगडी चौथरा बांधून दिला, नारळ फोडायला, कुंकू वाहायला, ज्याला जे करायचं असेल ते करायला. त्याची जागा द्रौपदाबाईनंच दाखवली.

पण मला त्या दिवसातलं आठवतं ते वेगळंच. विमान डोक्यावरून गेलं, तेव्हा मी सवयीनं म्हातारीकडे बघितलं. तिनं पदर ओढला नव्हता. तोंड पूर्ण वर करून, उन्हानं डोळ्यांतून पाणी येत होतं तरी ती बघत होती. कॅप्टन पटवर्धनांनी स्वतःची खुर्ची उचलून तिच्यामागे आणून ठेवली आणि म्हणाले, "बसा, आजी."

"बसून बघायची गोष्ट हाय व्हय ही?" द्रौपदाबाई म्हणाली, आणि उभीच राहिली.